‘द डेझर्ट साँग’ (१९५५): नेल्सन एडीच्या टीव्ही ऑपेरेटाबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

हा नेमका काय प्रकार आहे? चित्रपट, नाटक की टीव्ही कार्यक्रम?

टीव्ही कार्यक्रम. ७ मे १९५५ रोजी, शनिवारी रात्री, अमेरिकेतल्या एनबीसी वाहिनीने ‘मॅक्स लिबमन प्रेझेंट्स’ या मालिकेत तो थेट प्रक्षेपित केला. जाहिराती धरून दीड तासाचा. मूळ ऑपेरेटा १९२६ चा आहे. त्याचं संगीत सिग्मंड राँबर्ग यांचं, संहिता ओटो हारबाख, ऑस्कर हॅमरस्टाइन (दुसरे) आणि फ्रँक मँडेल या तिघांची, आणि गीतं त्यांपैकी पहिल्या दोघांची. टीव्हीवर नायक होते नेल्सन एडी आणि नायिका गेल शेरवुड.

याच नावाचे हॉलिवूडचे तीन चित्रपट आहेत: १९२९, १९४३ आणि १९५३ चे. शोधायला गेलं की बहुतेकदा १९५३ चा रंगीत चित्रपट पुढे येतो. त्यात गॉर्डन मॅक्रे आणि कॅथरिन ग्रेसन आहेत. या पानावरचे प्रश्न १९५५ च्या कृष्णधवल प्रतीबद्दल आहेत.

ऑपेरेटा आणि ऑपेरा यांत फरक काय?

ऑपेरात बहुतेक सगळं गायलं जातं, ऑपेरेटात संवाद बोलले जातात आणि भावना दाटली की पात्रं गाऊ लागतात. संगीत नाटक माहीत असलेल्या माणसाला याहून जास्त सांगायला नको. फरक गाण्याच्या घडणीत आहे. इथे तान-आलापीला वाव नाही, गाणं लिहिलेल्या स्वरांतच राहतं. रंग भरतो तो मोठ्या वाद्यवृंदाने, पुरुषांच्या दणदणीत कोरसने आणि अंकाच्या शेवटी सगळी पात्रं एकत्र गातात त्या प्रसंगाने.

व्हिएन्नात बहरलेला हा प्रकार विसाव्या शतकाच्या सुरुवातीला न्यूयॉर्कमध्ये रुजला. व्हिक्टर हर्बर्ट, रुडॉल्फ फ्रिमल आणि राँबर्ग ही तिथली तीन मोठी नावं. राँबर्ग हंगेरीतल्या नॉजकनिझा गावचे, जन्म १८८७ चा. व्हिएन्नात इंजिनिअरिंग शिकायला गेले आणि तिथल्या थिएटरांच्या नादी लागले. १९०९ मध्ये अमेरिकेत आल्यावर न्यूयॉर्कच्या कॅफेंमध्ये पियानो वाजवून त्यांनी दिवस काढले. ‘द डेझर्ट साँग’ ब्रॉडवेच्या, म्हणजे न्यूयॉर्कच्या नाट्यपेठेतल्या, कॅसिनो थिएटरमध्ये ३० नोव्हेंबर १९२६ ला लागला आणि त्याचे ४७१ प्रयोग झाले. पुढच्या एप्रिलात लंडनच्या ड्रुरी लेन थिएटरात आला, तिथे ४३२.

कथा काय आहे? (शेवट सांगितला तरी चालेल.)

सांगतोच, कारण शेवट माहीत असूनही यातली गंमत कमी होत नाही.

मोरोक्कोत फ्रेंचांचं ठाणं आहे आणि डोंगरातले रिफ लोक त्यांच्याशी लढताहेत. रिफांचा म्होरक्या तोंडावर मुखवटा बांधतो. त्याला सगळे ‘रेड शॅडो’ म्हणतात, म्हणजे लाल सावली. ठाण्याचा प्रमुख जनरल बिराबो त्याच्या मागावर आहे. जनरलचा मुलगा पिएर हा घाबरट, फुलं गोळा करत हिंडणारा, कुणाच्या खिजगणतीत नसलेला तरुण. रेड शॅडो तोच.

असं का झालं? पिएर पूर्वी मोरोक्कोत फ्रेंच सैनिक म्हणून आला होता. तेव्हाच्या अधिकाऱ्याने रिफांच्या गावावर हल्ल्याचा हुकूम दिला, पिएरने विरोध केला आणि मार खाल्ला. तेव्हापासून तो रिफांच्या बाजूने. पुढे त्या जागी नेमका त्याचा बापच अधिकारी म्हणून आला आणि पिएरची पंचाईत झाली: बापाला खरं सांगावं तर रिफ मारले जातील, रिफांना सोडावं तर दिलेला शब्द मोडेल.

मार्गो बोनव्हाले ही पॅरिसहून आलेली मुलगी. कॅप्टन पॉल फोंतेनशी तिचं लग्न ठरलंय, पण मनातून तिला काहीतरी थरारक हवंय. पिएरचं तिच्यावर प्रेम आहे आणि तिच्या लेखी तो नसल्यासारखाच. शेवटी तो रेड शॅडो होऊन तिला पळवतो आणि अली बेन अली या सरदाराच्या वाड्यावर नेतो. जनरल तिथे पोहोचतो आणि रेड शॅडोला द्वंद्वाचं आव्हान देतो.

सगळी गोष्ट या प्रसंगासाठी रचली आहे. मुलगा बापावर तलवार कशी उगारणार? तो नकार देतो. रिफांच्या रिवाजाप्रमाणे लढायला नकार देणारा म्होरक्या राहत नाही. शस्त्राविना त्याला वाळवंटात हाकलतात. तो गेल्यावर अझुरी नावाची नर्तकी जनरलला सांगते, तू आत्ता मरायला धाडलास तो तुझाच मुलगा.

पुढे पिएर लाल झगा आणि मुखवटा हातात घेऊन परततो आणि रेड शॅडोला मीच मारलं असं जाहीर करतो. फ्रेंच त्याचा जयजयकार करतात. बापाला खरं माहीत आहे, तो गप्प राहतो. मार्गो मात्र त्या झग्याकडे बघून कोसळते. मग पिएर मुखवटा चढवतो, गातो आणि तिला उमगतं.

डोळ्यांवर एवढंसं फडकं बांधलं म्हणून घरची माणसं ओळखत नाहीत? हे कसं पटावं?

सगळ्यात जास्त वेळा येणारा प्रश्न हाच, आणि रास्त आहे. नाट्यगृहात मागच्या रांगेतून बघताना मुखवटा खपून जातो. टीव्हीचा कॅमेरा चेहऱ्यापाशी येतो, तिथे तो खपणं अवघड.

पण ‘सौभद्रा’त यतीच्या वेषातला अर्जुन द्वारकेत राहतो आणि सुभद्रा त्याला ओळखत नाही, हे आपण १८८२ पासून विनातक्रार मान्य करत आलो आहोत. वेषांतर हा तिथे प्रेक्षकाशी झालेला करार असतो. आपल्याला माहीत आहे, तिला नाही, आणि रस त्या फरकात आहे.

‘डेझर्ट साँग’मध्ये याला आणखी एक पदर आहे. पिएरचं सोंग आवाजातही आहे. पिएर म्हणून तो मान खाली घालून अडखळत बोलतो, रेड शॅडो म्हणून छाती भरून गातो. मार्गो प्रेमात पडते ती त्या गळ्याच्या. म्हणून शेवटी ओळख पटायलाही गाणंच लागतं. नायकाची भूमिका करणाऱ्याचा गळा भारी नसेल तर ही गोष्ट उभीच राहत नाही. १९५५ ची आवृत्ती उभी राहते याचं पहिलं कारण एडीचा गळा.

पण एडी तेव्हा तरुण नव्हते ना?

नव्हते. जन्म २९ जून १९०१ चा, म्हणजे प्रक्षेपणाच्या वेळी वय ५३. तिशीतल्या नायकाच्या भूमिकेला हे वय जास्तच. चेहरा भरलेला, हालचाली जपून. हॉलिवूडमधली त्यांची सद्दी संपली होती. जेनेट मॅक्डोनाल्डबरोबरचे आठ चित्रपट १९३५ ते १९४२ या काळातले, आणि शेवटचा चित्रपट १९४७ चा. नंतर ते नाइट क्लबांमधून गात होते.

तरीही मला या भूमिकेत त्यांच्याहून तरुण कुणी नको आहे. एडी मुळात मैफलीचे आणि ऑपेराचे गायक होते. विशीत फिलाडेल्फियात ऑपेरात गायले होते. बॅरिटोन, म्हणजे पुरुषाच्या मधल्या पट्टीतल्या आवाजाचं एक सुख असतं, पन्नाशीत तो बहुधा अधिक गोलसर आणि स्थिर होतो. ‘वन अलोन’ गाताना त्यांना आवाज चढवावा लागत नाही. शब्द स्वच्छ, श्वास कुठे घेतला ते कळत नाही, आणि वरचा स्वर आला तरी मानेची शीर ताणली जात नाही. अभिनयात ते कायमच थोडे ताठ होते. इथे तो ताठपणा रेड शॅडोला शोभतो, आणि पिएरचं बावळट सोंग त्यांनी मन लावून केलं आहे.

ही गाणी त्यांना नवीही नव्हती. ‘डेझर्ट साँग’ची ध्वनिमुद्रिका त्यांनी आधीच डोरेटा मॉरोबरोबर कोलंबियासाठी केली होती.

गेल शेरवुड कोण? मॅक्डोनाल्ड का नाही?

शेरवुड १९५३ पासून एडींच्या क्लबमधल्या कार्यक्रमांत सहगायिका होत्या. रोज रात्री एकत्र गाणाऱ्या दोघांना एकमेकांचा श्वास पाठ असतो, आणि थेट प्रक्षेपणात त्याचं मोल फार. द्वंद्वगीतात दोघंही कुठे रेंगाळायचं ते न बघता जाणतात. त्यांची जोडी अगदी शेवटपर्यंत टिकली. मार्च १९६७ मध्ये मायामी बीचला शेरवुडबरोबर कार्यक्रम चालू असतानाच एडींना मंचावर पक्षाघाताचा झटका आला आणि दुसऱ्या दिवशी, ६ मार्चला ते गेले.

मॅक्डोनाल्डशी तुलना करत बघू नका. शेरवुडचा सोप्रानो, म्हणजे स्त्रीचा उंच पट्टीतला आवाज, वेगळा, थोडा धारदार. ‘सेबर साँग’ला तो बरोबर बसतो.

‘थेट’ म्हणजे सगळं खरोखर त्या क्षणी गायलं होतं?

हो. व्हिडिओटेपचं यंत्र अँपेक्स कंपनीने जगासमोर आणलं ते एप्रिल १९५६ मध्ये, म्हणजे जवळजवळ वर्षभराने. त्याआधी असा मोठा कार्यक्रम दाखवायचा म्हणजे नट, नर्तक, कोरस, वाद्यवृंद, नेपथ्य सगळं तयार ठेवून ठरल्या मिनिटाला सुरू करायचं आणि दीड तासात आटपायचं. चुकलं तर पुन्हा नाही. गाणं कितीही रंगलं तरी वन्समोअर नाही. जाहिरातीच्या वेळात कपडे बदलायचे, आणि या कथेत नायकाला पिएरचा रेड शॅडो आणि रेड शॅडोचा पिएर व्हायचं आहे.

मॅक्स लिबमन यात मुरलेले होते. १९५० ते १९५४ त्यांनी विनोदी नट सिड सीझरचा ‘युवर शो ऑफ शोज’ दर आठवड्याला दीड तास थेट केला होता. त्यानंतर एनबीसीचे प्रमुख पॅट वीव्हर यांनी ‘स्पेक्टॅक्युलर’ या नावाखाली मोठे रंगीत एकेकटे कार्यक्रम काढले, त्यांपैकी बरेच लिबमनकडे आले. पहिला १२ सप्टेंबर १९५४ ला. वाद्यवृंदाचे प्रमुख चार्ल्स सॅनफर्ड हे ‘शो ऑफ शोज’पासूनचे त्यांचे साथीदार.

दीड तासात जाहिराती वजा जाता मूळ ऑपेरेटा पूर्ण मावणं शक्य नव्हतं. त्याची किंमत मोजावी लागली आहे, प्रसंग धावतात, कोण कुणाचा कोण हे कळायच्या आत पुढचं गाणं येतं. म्हणून कथा आधी वाचून बसा. पण या कात्रीने एक चांगलंही झालं. पिएर, मार्गो आणि जनरल हा तिढा ठळक होतो आणि गाण्यांमधलं अंतर कमी होतं.

कार्यक्रम रंगीत होता म्हणतात, मग प्रत कृष्णधवल का?

प्रक्षेपण रंगीत होतं, हे खरं. ते जपायला तेव्हा एकच हाताशी असलेला मार्ग होता, किनेस्कोप. टीव्हीच्या पडद्यासमोर फिल्मचा कॅमेरा लावायचा आणि चाललेलं चित्र फिल्मवर उतरवायचं. ही फिल्म कृष्णधवल. त्यामुळे कडा मऊ दिसतात, अंधाऱ्या जागा काळ्या ठिक्कर होतात, पांढऱ्या कपड्यांभोवती कधी कधी काळी झालर येते.

तोटा सगळ्यात जास्त कुठे जाणवतो? रेड शॅडोच्या वेषात. नावातच लाल आहे, आणि प्रतीत तो झगा गडद करडा. शेवटच्या प्रसंगात पिएर तोच झगा हातावर टाकून येतो तेव्हा डोळ्यांनी लाल भरून घ्यावा लागतो.

मात्र एक गोष्ट लक्षात घ्या. अमेरिकेत रंगीत प्रक्षेपणाच्या पद्धतीला मान्यता मिळाली डिसेंबर १९५३ मध्ये. आरसीए कंपनीचा पहिला रंगीत संच १९५४ चा, १५ इंची नळीचा, किंमत १००० डॉलर. आरसीए ही एनबीसीची मालक, तेव्हा संच खपावेत म्हणून रंगीत कार्यक्रम करणं हा सरळ व्यवहार होता. पण एवढे पैसे मोजणारी घरं मोजकीच. त्या रात्री बहुतेक प्रेक्षकांनी ‘डेझर्ट साँग’ कृष्णधवलच पाहिला. आज आपण जे बघतो ते त्यांच्या दिवाणखान्यातल्या चित्रापासून फार दूर नाही.

कोणती गाणी चुकवू नयेत?

ऑपेरेटाचं काळीज ‘ईस्टर्न अँड वेस्टर्न लव्ह’ या तीन गाण्यांच्या गुंफणीत आहे. रात्री पुरुष प्रेमावर वाद घालत बसलेत. अली बेन अली म्हणतो, प्रेम आलं तसं जाऊ द्यावं. सिद अल कार हा रिफ साथीदार म्हणतो, बागेत एकच फूल असेल तर त्याचा वास लवकर विटतो, फुलं अनेक हवीत. त्याचं गाणं, ‘वन फ्लॉवर ग्रोज अलोन इन युवर गार्डन’, चालीने इतकं गोड आहे की त्याचा मुद्दा क्षणभर पटतो. मग रेड शॅडो उत्तर देतो: मला एकच हवी. ते ‘वन अलोन’.

हे गाणं एकटं, मैफलीत ऐकलं तर साधं प्रेमगीत वाटतं. दोन विरोधी गाण्यांनंतर आलं की तो युक्तिवाद होतो. राँबर्गनी चालही तशीच बांधली आहे. सुरुवात अगदी खालून, जवळजवळ बोलल्यासारखी, आणि ओळीगणिक एकेक पायरी चढत जाते. एडी इथे घाई करत नाहीत. प्रतीत दुसरं काही बघायला वेळ नसेल तर एवढं बघा.

त्यानंतर ‘रिफ साँग’, घोडदौडीच्या ठेक्यावरचा पुरुषांचा कोरस. ‘रोमान्स’मध्ये मार्गोची हुरहुर. शीर्षकगीत वॉल्ट्झ आहे, म्हणजे तीन मात्रांच्या नृत्यठेक्यावरचं, निळ्या रात्रीचं आमंत्रण. आणि ‘सेबर साँग’: रेड शॅडोची तलवार हाती आलेली मार्गो, त्याचा द्वेष करायचा ठरवलेली आणि करू न शकणारी. फ्रेंच सैनिकांचं संचलनगीत कानात राहतं, पण ते कानापुरतंच.

रिफ लोक खरे आहेत की कल्पित?

खरे, आणि त्यांची लढाईही खरी. या प्रश्नाचं उत्तर लांबलं तरी हरकत नाही, कारण ते माहीत नसताना हा ऑपेरेटा बघणं म्हणजे अर्धवट बघणं.

रिफ हा मोरोक्कोच्या उत्तरेचा, भूमध्य समुद्राला लागून असलेला डोंगराळ मुलूख. देवदारांची रानं आणि दऱ्याखोऱ्यांचा. वाळवंट तिथून पुष्कळ दक्षिणेला. ऑपेरेटाच्या नावातच भूगोल चुकला आहे. तिथले लोक आमाझिग, ज्यांना बाहेरचे बर्बर म्हणत. रिफचा बहुतेक भाग फ्रेंचांच्या नव्हे, स्पेनच्या ताब्यात होता.

जुलै १९२१ मध्ये अन्वाल इथे रिफांनी स्पॅनिश सैन्याचा धुव्वा उडवला, हजारो सैनिक मारले गेले. नेता होता अब्द अल-करीम. हा मुखवटेवाला घोडेस्वार नव्हता. मेलिया शहरात तो काझी होता, तिथल्या स्पॅनिश वर्तमानपत्रात लिहीत असे, वसाहतीचा कारभार आतून पाहिलेला माणूस. त्याने रिफचं प्रजासत्ताक घोषित केलं. स्पेनने विमानांतून विषारी वायूचे बाँब टाकले. १९२५ मध्ये लढाई फ्रेंच हद्दीत पोहोचली आणि फ्रान्सने मार्शल पेतांच्या हाताखाली प्रचंड फौज उतरवली. काही अमेरिकन वैमानिकही स्वेच्छेने फ्रेंचांच्या बाजूने उडाले. मे १९२६ च्या अखेरीस अब्द अल-करीम फ्रेंचांना शरण गेला. त्याला हिंदी महासागरातल्या रेयुनियन बेटावर पाठवलं. १९४७ मध्ये तो इजिप्तमध्ये निसटला आणि १९६३ मध्ये कैरोत वारला.

तो शरण गेल्यावर सहा महिन्यांत ब्रॉडवेवर पडदा उघडला. वर्तमानपत्रातली ताजी लढाई, व्हॅलेंटिनोच्या ‘द शेख’ या मूकपटाने लावलेलं वाळवंटाचं वेड आणि लॉरेन्स ऑफ अरेबियाची ख्याती यांचं ते मिश्रण होतं.

म्हणजे हे वसाहतवादाचं गोडवे गाणारं नाटक आहे का?

सरळ गोडवे नाहीत. सहानुभूती रिफांकडे आहे, गाव जाळायला नकार देणारा नायक आहे, आणि हे १९२६ मध्ये लहान नव्हतं. पण रिफांना स्वतःचा नेता असू शकतो, ही साधी गोष्ट लेखकांना सुचली नाही. खऱ्या रिफांकडे काझी होता, शासन होतं, ध्वज होता. ऑपेरेटातल्या रिफांना पॅरिसचा मुलगा लागतो. आणि शेवटी काय होतं? रेड शॅडो ‘मेला’ म्हणून जाहीर होतो, प्रेमिक एकत्र येतात. रिफांचं पुढे काय, हे विचारायला कुणी थांबत नाही.

अझुरी हा दुसरा सल. ती कॅप्टन पॉलची जुनी प्रेयसी, फ्रेंच अधिकाऱ्याने वापरून टाकून दिलेली. तिच्याकडे रागावायला सगळ्यांत सबळ कारण आहे, आणि तिलाच कारस्थानी ठरवलंय. जनरलला सत्य सांगताना ती हसते, तिथे प्रेक्षकाने तिला नावं ठेवावीत अशी अपेक्षा आहे. मी ठेवत नाही. १९५५ मध्ये ही भूमिका बॅलेरिना व्हायोला एसेनने केली, आणि शब्दांपेक्षा शरीराने बोलणाऱ्या नर्तकीकडे ती गेली हे या पात्राचं भाग्य.

१९५५ मध्ये मोरोक्कोत काय चाललं होतं?

हा प्रश्न फार थोडे जण विचारतात, म्हणून मुद्दाम घेतला आहे. त्या शनिवारी मोरोक्को फ्रेंचांच्याच अमलाखाली होता. सुलतान मोहम्मद पाचवा यांना फ्रेंचांनी ऑगस्ट १९५३ मध्ये पदच्युत करून हद्दपार केलं होतं, मेमध्ये ते मादागास्करमध्ये होते. देशात असंतोष पेटलेला होता. नोव्हेंबरात सुलतान परतले आणि २ मार्च १९५६ ला मोरोक्को स्वतंत्र झाला. म्हणजे फ्रेंच जनरल आणि बंडखोर यांचा खेळ अमेरिकेच्या दिवाणखान्यांत गायला जात होता तेव्हा खऱ्या फ्रेंच जनरलांना तिथे दहा महिनेच उरले होते.

बाकी कलाकारांत कुणाकडे लक्ष द्यावं?

अली बेन अली झालेले साल्वातोरे बाकालोनी. इटलीचे नावाजलेले विनोदी बास (सगळ्यांत खालच्या पट्टीचे) गायक, १९४० पासून न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन ऑपेरात. देह अवाढव्य, आवाज त्याहून. प्रेम जाऊ द्यावं असं सांगायला याच्याइतका योग्य माणूस मिळाला नसता. जनरल बिराबो ओटो क्रूगर, हॉलिवूडमधले कसलेले चरित्रनट. कॅप्टन पॉल म्हणजे जॉन काँटे. बँबी लिन आणि रॉड अलेक्झांडर ही नृत्याची जोडी, ‘शो ऑफ शोज’च्या प्रेक्षकांना घरातली.

चित्रपटांपेक्षा टीव्हीची आवृत्ती सरस का म्हणता?

कारण ती मूळ गोष्टीशी प्रामाणिक आहे. १९२९ चा चित्रपटही होता, जॉन बोल्स रेड शॅडो आणि कोवळी मर्ना लॉय अझुरी, पण ध्वनिमुद्रण बोलपटाच्या अगदी पहिल्या दिवसांतलं. १९४३ च्या चित्रपटात युद्धकाळाला साजेसा बदल झाला: नायक स्पेनच्या यादवीत लढलेला अमेरिकन, खलनायक नाझी, आणि रेड शॅडोचं नाव एल खोबार. १९५३ मध्येही एल खोबार कायम राहिला आणि मार्गो जनरलची मुलगी झाली. आता बघा: नायक जनरलचा मुलगा उरला नाही की द्वंद्वाच्या प्रसंगाला काय अर्थ राहिला? बापावर तलवार न उगारणं हाच सगळा पीळ होता. १९५५ मध्ये तो जागेवर आहे. म्हणून चित्र धुरकट असलं तरी मी तीच सुचवतो.

कुठे मिळेल?

व्हीएआय या अमेरिकन संस्थेने जुन्या किनेस्कोपवरून डीव्हीडी काढली आहे. विकत घेताना वेष्टनावर नेल्सन एडीचं नाव आणि १९५५ हे साल तपासा. १९२६ मध्ये अमेरिकेत छापून प्रसिद्ध झालेली गाणी तिथे १ जानेवारी २०२२ पासून हक्कमुक्त आहेत. प्रक्षेपणाचं चित्रण ही वेगळी कृती, तिला तो नियम आपोआप लागत नाही.

हेडफोन लावून बघा. लॅपटॉपच्या स्पीकरमधून वाद्यवृंद पत्र्यासारखा वाजतो आणि कोरसचे खालचे स्वर गायब होतात.

आवडलं तर पुढे काय बघावं?

लिबमनच्याच मालिकेत त्या हंगामात ‘नॉटी मॅरिएटा’ (जानेवारी १९५५) आणि ‘द मेरी विडो’ (एप्रिल १९५५) झाले. पहिल्यात पॅट्रिस मन्सेल आणि आल्फ्रेड ड्रेक आहेत, तो आधी घ्या.

रंगीत आणि ऐसपैस काही हवं असेल तर युरोपकडे वळा. इम्रे कालमानच्या ‘चार्डाश राजकुमारी’चं १९७१ मध्ये जर्मन टीव्हीसाठी चित्रण झालं. अॅना मोफो आणि रेने कोलो, दिग्दर्शक मिक्लोश सिनेतार. तोच ऑपेरेटा सोव्हिएत टीव्हीने १९८१ मध्ये ‘सिल्व्हा’ नावाने केला, दिग्दर्शक यान फ्रीद. त्यातला व्हिताली सोलोमिनचा बोनी बघितला की विनोदी भूमिका दुय्यम असते हे म्हणणं सोडून द्याल.